पाकळ्यांचा मुलाहिजा

भाद्रपद शुद्ध चतुर्थीस कोकणातील स्वयंपाकघरांत जी निःशब्द तपश्चर्या चालते, तिची नोंद कोणत्याही दप्तरी होत नाही, ही आपल्या भोजनभाऊ समाजाच्या लौकिकाला साजेशीच गोष्ट होय. आंबेमोहर तांदूळ धुऊन, सावलीत वाळवून त्यांची वस्त्रगाळ पिठी सिद्ध करावी. पिठीच्या मापाइतक्याच पाण्याला आधण आणून, त्यात लोणी सोडून उकड काढावी. ती हाताला चटके बसत असतानाच मळावी, कारण निवली की पारी चिरते. सारण करपण्याच्या अलीकडे आणि पाझरण्याच्या पलीकडे, अशा अरुंद सरहद्दीवर चुलीवरून उतरवावे. आणि मग तेलपाण्याचा हात लावून एकसारख्या पाकळ्या काढीत मोदक हळदीच्या पानावर वाफेस ठेवावा, एवढा सारा कारभार वर्षानुवर्षे करूनही त्या माउलीला पारी अजून जाडच वाटते.

पंक्तीतील मंडळींची न्यायबुद्धी मात्र निर्विवाद. ज्या पाकळ्यांपायी तिची बोटे पोळली, त्यांचे शिखर ते प्रथम फोडतात, त्या विवरात तुपाची धार धरतात आणि किती पोटात गेले याचा हिशेब तेवढा मुनिमाच्या दक्षतेने ठेवतात. तारीफ करायचीच झाली तर गुळाची करतात, नाहीतर तो गूळ बाजारातून आणणाऱ्या यजमानाची! नैवेद्याच्या २१ मोदकांची पाहणी गजानन तरी करीत असावा, असे मानण्यास जागा आहे. त्याला निदान दुसऱ्या पंक्तीची घाई नसते.

तरी वाचकहो, यंदा तूप ओतण्यापूर्वी पाकळ्या मोजण्याची तसदी घ्यावी, एवढीच दरखास्त.