मुद्दलाचा वनवास

व्याज हा विषय बऱ्हाणपूरला नवा नाही. सतराव्या शतकात तावर्निये नावाचा फ्रेंच जवाहिऱ्या हिंदुस्थानभर हिंडत होता. जिथे जाईल तिथे हिऱ्यांबरोबर हुंडणावळीचा भावही तो टिपून ठेवी. बऱ्हाणपुराहून सुरतेवर हुंडी काढायची तर अडीच ते तीन टक्के, असं त्याने लिहिलं आहे. हुंडीची मुदत साधारण दोन महिन्यांची. वर्षाच्या हिशेबाने हे पंधरा ते अठरा टक्के झाले, अर्थात वाटेतल्या लुटारूंची जोखीम धरून. ती जोखीम काल्पनिक नव्हती. १६८१ साली संभाजीराजांच्या फौजेने शहराला लागून असलेलं बहादुरपूर लुटलं, तेव्हा तिथल्या बऱ्याच जणांचं मुद्दल आणि व्याज एकदमच निकालात निघालं असणार.

अशा मुरलेल्या गावातल्या सिंधीपुऱ्यात आज गृहकर्जाबद्दल एकच प्रश्न विचारला जातो: "हप्ता किती बसतो?"

दर किती, मुदत किती, शेवटी एकूण किती जाणार, हे कुणी विचारत नाही. विचारणं असभ्य मानतात की काय, कोण जाणे. हप्ता पगारात किंवा गल्ल्यात बसला की घर "परवडलं". लग्नात मुलाचा पगार विचारून घ्यावा आणि त्याच्या डोक्यावरचं देणं विचारू नये, त्यातलाच हा प्रकार.

घर बांधण्याच्या बाबतीत बऱ्हाणपूरकर मुळात दुखावलेले आहेत. मुमताजमहल १६३१ साली इथेच वारली, तापीपलीकडे आहुखान्यात तिला तात्पुरतं दफनही केलं, आणि ताज मात्र उठला आग्र्यात. ही हळहळ गावात अजून ताजी आहे. त्या बांधकामाला वीस-बावीस वर्षं लागली म्हणतात. सिंधीपुऱ्यातल्या दोन खोल्या आणि किचनलाही वीसच वर्षं लागतात. बांधून ते वर्षभरात होतं, उरलेली एकोणीस वर्षं फेडण्यात जातात. शहाजहानला एवढं एक सुख होतं. त्याला दर महिन्याच्या पाच तारखेला खात्यात शिल्लक आहे का, ते बघावं लागत नव्हतं.

सिंधीपुऱ्यातलं एक घर घेऊ. नाव सांगण्यात अर्थ नाही, गल्लीत दर चौथं घर असंच आहे. काकांचं शनवाऱ्याकडे कापडाचं छोटं दुकान. काकू हिशेबाला पक्क्या. मुलगी बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाला. आजी माहेरच्या रावेरच्या, वडील अडत्याकडे खतावणी लिहायचे, त्यामुळे आकड्यांना न बिचकणाऱ्या. राहतं घर वडिलोपार्जित, भिंती पोक काढून उभ्या, आणि कागदोपत्री पणजोबा अजून हयात. नामांतरणाची फाइल काकांनी दोन वर्षं हिंडवली तेव्हा कुठे बँकेने त्यांना आत बसायला खुर्ची दिली.

कर्ज २० लाख, दर ९ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता १७,९९५ रुपये. काकांनी मनातल्या मनात दुकानाचा गल्ला मोजला, मान डोलावली आणि सह्या सुरू केल्या. काका मीटरमागे दोन रुपयांसाठी इच्छापूरच्या गिऱ्हाईकाशी अर्धा तास घासाघीस करतात. तेच काका इथे चहा निवायच्या आत तीसेक ठिकाणी सही करून मोकळे झाले. समोर ठेवलेल्या कागदांत व्याजाचा वार्षिक दर, सगळे खर्च आणि परतफेडीचा तक्ता हे सारं एकत्र मांडलेलं एक पत्रक होतं. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या किरकोळ कर्जांना असं पत्रक देणं रिझर्व्ह बँकेने बंधनकारक केलं आहे. काकांनी त्यावरही सही केली, वाचायचा मोह कटाक्षाने टाळून.

ते पत्रक वाचलं मुलीने. रात्री, जेवणं झाल्यावर, मोठ्याने.

तक्ता २४० ओळींचा. पहिली ओळ: हप्ता १७,९९५, त्यात व्याज १५,०००, मुद्दल २,९९५. काकांना वाटलं छपाईची चूक आहे, रकाने उलटसुलट झालेत. मुलगी म्हणाली, "चूक नाही पप्पा. वीस लाखांचे नऊ टक्के म्हणजे वर्षाचे एक लाख ऐंशी हजार. महिन्याचे पंधरा हजार. आधी ते जातात, उरेल ते मुद्दलात."

दुसऱ्या ओळीत व्याज १४,९७८.

"बावीस रुपयांनी कमी झालं की!" आजी म्हणाल्या. घरात त्या क्षणी एवढी एकच आनंदाची बातमी होती.

इथे बँकेने काही लबाडी केली असं समजायचं कारण नाही. व्याज शिल्लक रकमेवर चढतं आणि सुरुवातीला शिल्लक जवळजवळ सगळीच असते, एवढाच हा मामला. बऱ्हाणपूरच्या कुंडी भांडाऱ्यात जसं पाणी एका कुंडीतून दुसरीत सरकतं, तसा पैसा आधी व्याजाची कुंडी तुडुंब भरतो आणि मग मुद्दलाच्या कुंडीत पाझरतो. फरक इतकाच की सतराव्या शतकातली ती योजना गावाला पाणी पाजण्यासाठी केली होती.

पाच वर्षांनी काय होतं? काकांनी तोवर १० लाख ८० हजार भरलेले असतील. मुद्दल फिटलेलं असेल सव्वादोन लाखांच्या आसपास. बाकी १७ लाख ७४ हजार जागच्या जागी. आणि निम्मं मुद्दल, म्हणजे १० लाख, फिटायला १६८ हप्ते लागतात. मुलीने बाराने भागलं आणि थांबली.

"चौदा वर्षं," काकू म्हणाल्या. "प्रभू रामचंद्र तरी तेवढ्यात घरी परत आले."

"आपण घरीच आहोत की," काका पुटपुटले. ते खरंही होतं, पण त्या वेळी कुणाला पटलं नाही.

शेवटची बेरीज: ४३ लाख १९ हजार. त्यात मुद्दल २० लाख, व्याज २३ लाख १९ हजार. हा आकडा ऐकल्यावर आजींनी जपमाळ बाजूला ठेवली. "दामदुपटीच्या वर व्याज? हे कुठल्या शास्त्रात बसतं?"

आजींचा मुद्दा हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता. व्याज मुद्दलाच्या वर जाता कामा नये, घेणं फार तर दुप्पट व्हावं, हा नियम मनुस्मृतीपासून चालत आलेला आहे. इंग्रजी अमलात मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनीही तो हिंदू कर्जदारांपुरता मानला. आजींचं माहेर रावेर त्या इलाख्यात होतं. सासर बऱ्हाणपूर मात्र निमाड जिल्ह्यात, म्हणजे मध्य प्रांतात. लग्नाआधीच सरहद्द अशी आडवी आलेली. पण खरी मेख वेगळी आहे. दामदुपट लागते ती एका वेळी वसूल करायच्या थकबाकीला. महिन्याच्या महिन्याला व्याज चुकतं करत गेलेल्या माणसाने वीस वर्षांत मिळून किती भरलं, हे त्या नियमाने कधी मोजलंच नाही. म्हणजे शास्त्राने छत्र धरलं ते रखडलेल्या कर्जदारावर. पाच तारखेला इमाने-इतबारे हप्ता भरणारा उन्हातच उभा होता आणि आहे.

या बेरजेतून मुलीने एक घातक शोध लावला. ४३.१९ ला २० ने भागलं की २.१६ येतात. याचा अर्थ, कर्जाच्या रकमेतून केलेल्या प्रत्येक खर्चाला २.१६ ने गुणायचं. काकूंचं दीड लाखाचं मॉड्युलर किचन म्हणे ३ लाख २४ हजारांचं निघालं. काकू गप्प बसणाऱ्या नव्हत्या. त्यांनी काकांचं ७५ हजारांचं नक्षीदार लोखंडी फाटक गुणाकारात घातलं: १ लाख ६२ हजार. "सिंहांची तोंडं काढली तर किती?" काकांनी विचारलं. मग "मातृछाया" कोरलेली चार हजारांची संगमरवरी पाटी ८,६०० वर गेली. आजींनी आपल्या नावाची छाया तेवढी काढून टाकायला सांगितली. हा गुणाकार सुटला तो कर्जाबरोबर गळ्यात पडणाऱ्या विम्यावरही. त्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिसळला असेल तर त्यावरही वीस वर्षं व्याज चालतं, हे फार थोड्यांच्या ध्यानात येतं.

काकांचे एक मित्र सल्ला द्यायला आले. गृहकर्ज घेतलेल्या घरात असा एक मित्र येतोच. "मुदत तीस वर्षं करून घे, हप्ता हलका होतो." होतो खरा. १७,९९५ चा १६,०९२ होतो, महिन्याला १,९०० रुपये वाचतात. आणि व्याज २३ लाखांवरून जातं जवळपास ३८ लाखांवर. उलट मुदत पंधरा वर्षं केली तर हप्ता २०,२८५, म्हणजे २,२९० रुपयांनी जास्त, पण व्याज साडेसोळा लाखांत आटपतं. महागडी चीज काय, ते इथे कळतं. सिमेंट नाही, सळई नाही, मिस्त्रीची मजुरीही नाही. सगळ्यात महाग पडतात ती वर्षं, आणि बँकेत ती मागाल तितकी मिळतात.

मित्राने जाता जाता स्वतःची कथा सांगितली, ती जास्त उद्बोधक होती. त्यांनी कर्ज घेतलं २०२१ साली, स्वस्ताईत. तेव्हा रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते तो, ४ टक्के होता आणि त्यांना २० लाख ७ टक्क्यांनी मिळाले. हप्ता १५,५०६. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत रेपो ६.५० वर गेला आणि त्यामागोमाग कर्जाचा दरही. हप्ता तेवढाच राहिला, म्हणून मित्र खूश. मुलीने ढोबळ हिशेब मांडला: एक वर्ष हप्ते भरून शिल्लक १९ लाख ५२ हजार, दर ७ चा साडेनऊ झाला, तर महिन्याचं व्याज १५,४५७. हप्त्यातून मुद्दलाला उरतात ४९ रुपये. या चालीने कर्ज फिटायला आणखी जवळपास ६१ वर्षं.

"कर्जाची एकसष्टी करा हो थाटात," काकू म्हणाल्या. मित्रांनी चहा अर्धा टाकला.

असे हप्ते तसेच ठेवून मुदत गुपचूप लांबवण्याचे प्रकार वाढले, तेव्हा ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने कर्ज देणाऱ्यांना बजावलं. दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, की थोडंथोडं दोन्ही, हे कर्जदाराला विचारा, स्थिर दराकडे वळायचा पर्याय द्या, आणि हप्त्यात त्या महिन्याचं व्याजसुद्धा निघत नाही अशी वेळ येऊ देऊ नका. २०२५ मध्ये रेपो पुन्हा उतरला, वर्षअखेर ५.२५ वर आला. दर उतरल्याचा आनंद मित्रांना आपोआप होईल अशी त्यांची समजूत होती. बँकेत जाऊन मुदत किती उरली हे विचारायला काकूंनी त्यांना अक्षरशः पिटाळलं.

आता न्यायाची बाजूही सांगायला हवी, नाहीतर सिंधीपुऱ्यात कुणी घरच बांधणार नाही आणि दोष या लेखाला येईल. भाड्याच्या घरातही पैसा जातोच आणि तिथे मुद्दलाचे ४९ रुपयेसुद्धा फिटत नाहीत. शिवाय महागाई कर्जदाराच्या बाजूने असते. वर्षाला ५ टक्के महागाई धरली तर वीस वर्षांनंतरचे १७,९९५ रुपये आजच्या ६,८०० च्या तोलाचे असतील. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या कर्जाच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावटही मिळते. नव्या पद्धतीत ती नाही, हे मात्र काकांना त्यांच्या सीएने सह्या झाल्यावर सांगितलं.

घरातल्या बैठकीत शेवटी ठरलं ते असं: कागदोपत्री मुदत वीसच ठेवायची, कारण कापडाच्या धंद्यात मंदी सांगून येत नाही. पण दर दिवाळीनंतर, लग्नसराईचा पैसा हातात असताना, एक हप्ता जास्तीचा भरायचा, थेट मुद्दलात. तरत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड घ्यायला बँकांना २०१२ पासून मनाई आहे. वर्षाला एवढा एक हप्ता जास्त गेला की वीस वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांत संपतं आणि साडेचार लाखांच्या वर व्याज वाचतं. फाटकाचे सिंह या ठरावात बळी गेले. साधं फाटक आलं. किचन राहिलं; ठराव कुणाच्या बाजूने लिहिला गेला, ते यावरून समजावं.

पत्रकाच्या शेवटच्या पानावर मुलीला आणखी एक गोष्ट सापडली. कर्ज पूर्ण फिटल्यावर घराची मूळ कागदपत्रं बँकेने ३० दिवसांत परत करायची. बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. १ डिसेंबर २०२३ पासून हा नियम आहे. आजींनी तो दोनदा वाचून घेतला आणि तोंडी भागाकार केला, वडील अडत्याकडे करायचे त्या पद्धतीने.

"वीस वर्षं पुरी भरलीत आणि बँकेने कागद मुदतीनंतर ४६४ दिवस अडकवून ठेवले," त्या म्हणाल्या, "तर सगळं व्याज परत येतं रे."

कागद सांभाळणाऱ्या विभागात एखादा विसराळू माणूस ओळखीचा निघतो का, याची चौकशी काका सध्या करत आहेत.