चांदण्यात वाचावयाचे दस्तऐवज

राज्यकारभाराच्या दृष्टीने सर्वोत्तम दस्तऐवज कोणता, या प्रश्नावर आमच्या दफ्तरांतील धुरंधर अव्वल कारकुनांनी पिढ्यान्‌पिढ्या डोके खपविले असले, तरी त्याचे निर्णायक उत्तर ऑक्सफर्ड येथे अँग्लो-सॅक्सन शिकविणाऱ्या जे. आर. आर. टॉल्किन नामक प्राध्यापकाने १९३७ साली प्रसिद्ध केलेल्या ‘द हॉबिट’ या ग्रंथात, मुलांच्या गोष्टीचे निमित्त करून, केव्हाच देऊन ठेवले आहे. त्या कल्पित सृष्टीतील ड्वार्फ म्हणजे बुटके लोक रुपेरी लेखण्यांनी एक प्रकारची चांद्राक्षरे लिहीत. ही अक्षरे कागदावर असत, पण समोरून पाहणाऱ्यास दिसत नसत. मागून चंद्रप्रकाश पडला तरच ती उमटत. आणि त्यांतही जी अधिक कावेबाज जातीची असत, ती लिहिली गेली त्या दिवशी चंद्राची जी कला आणि जो ऋतू असेल, त्याच ऋतूत त्याच कलेचा चंद्र पुन्हा लाभेल तेव्हाच वाचकास दर्शन देत. मजकूर रीतसर लिहिलेला आहे, दस्तऐवज पक्षकाराच्या हाती आहे, आणि तरीही कोणास काही कळलेले नाही, अशी ही प्रशासनाची तुरीयावस्था त्या बुटक्यांनी साधली होती.

थ्रोर राजाचा असा एक नकाशा त्याच्या मुलाकडून गँडाल्फ या नामांकित जादूगाराकडे आला आणि त्याने तो नातू थोरिन याच्या स्वाधीन केला. नकाशावर आणखी काही लिहिलेले आहे हे गँडाल्फच्या ध्यानात आले नव्हते. यात आम्ही त्याला दोष देत नाही, कारण दस्तऐवज सांभाळणे हे एक खाते आणि तो वाचणे हे दुसरे, ही वहिवाट जादूगारांनाही मोडता येत नसावी. पुढे रिव्हेन्डेल येथे, ऐन मध्य-उन्हाळ्याच्या सणाच्या आदल्या रात्री, तेथील यजमान एल्रॉन्ड याने तो नकाशा चंद्रकोरीसमोर धरला आणि अक्षरे झळकली. योगायोगाने कोर तीच होती आणि ऋतूही तोच. आधी आपल्याला दिसले नाही म्हणून थोरिन व गँडाल्फ किंचित खट्टू झाले, असे ग्रंथकार नमूद करतो. खालच्या पायरीवरील माणसाने शेरा आधी वाचला की वरिष्ठांच्या मुद्रेवर जी छटा येते, ती आम्ही ओळखून आहो. येथे मात्र एल्रॉन्ड कोणाच्याही हाताखालचा नव्हता, म्हणून प्रकरण तेवढ्यावर मिटले.

बरे, उमटलेल्या मजकुरात काय होते? डोंगरातील गुप्त द्वाराचे किल्लीचे भोक ड्यूरिनच्या दिवशी मावळत्या सूर्याच्या अखेरच्या किरणात दिसेल, एवढेच. हा दिवस म्हणजे शरदाच्या शेवटच्या चंद्राचा असा पहिला दिवस, की ज्या दिवशी तो चंद्र आणि सूर्य एकाच वेळी आकाशात असतात. आणि तो पुन्हा कधी येईल हे गणित आता आमच्या लोकांना साधत नाही, अशी कबुली खुद्द थोरिनने दिली. म्हणजे अर्ज करण्याची मुदत जाहीर आहे, केवळ ती कोणत्या तारखेस पडते हे जाहीर करणाऱ्या खात्यास ठाऊक नाही.

तथापि बुटक्यांच्या या करामतीने फार भारावून जाण्याचे कारण नाही. त्यांना रुपे लागे, चंद्र लागे, ऋतू लागे. आमच्याकडे शासन निर्णयाच्या आरंभी ‘वाचा’ असे फर्मावून आधीच्या शासन निर्णयांची जी मालिका दिलेली असते, तिच्यातील प्रत्येक निर्णयाच्या माथ्यावर पुन्हा ‘वाचा’ असतेच; मग एखादे शुद्धिपत्रक येऊन अमुक परिच्छेदाऐवजी तमुक परिच्छेद वाचावा असे सांगते; आणि साध्या काळ्या शाईत, भर दुपारी, विजेच्या दिव्याखाली नागरिकास काहीही दिसेनासे होते. चंद्राच्या साहाय्याखेरीज हा परिणाम साधणे यास कला म्हणतात. शिवाय बुटक्यांची अक्षरे योग्य रात्री कोणासही, अगदी परक्या एल्रॉन्डलाही, दिसत. ही ढिलाई आमच्या एकाही शिरस्तेदाराने खपवून घेतली नसती.

स्वतः टॉल्किनची इच्छा अशी होती, की ही चांद्राक्षरे नकाशाच्या पाठीमागे छापावीत, म्हणजे पान उजेडासमोर धरणाऱ्यासच ती दिसतील. तो बेत सिद्धीस गेला नाही. अक्षरे दर्शनी बाजूवरच छापली गेली, आणि राजाचे गुपित पुस्तक विकत घेणाऱ्या प्रत्येक मुलास उघड झाले. खाजगी क्षेत्रात गोपनीयतेची कदर नाही, ती अशी.

आणि तरी या बुटक्यांना पत्र लिहिता येत नव्हते असे कोणी म्हणू नये. डोंगरातल्या ड्रॅगनच्या घरी चोरी करण्याच्या कामगिरीवर बिल्बो बॅगिन्स यास नेमताना थोरिनने त्याच्या घरी घड्याळाखाली जे पत्र ठेवविले, ते कोणत्याही चंद्राची वाट न पाहता वाचता येत होते. नफा झाल्यास, आणि झाला तर, त्याच्या जास्तीत जास्त चौदाव्या हिश्श्याइतकी रक्कम माल पोहोचताच रोख; प्रवासखर्च हमखास; आणि प्रसंग ओढवल्यास, तसेच त्या बाबीची अन्य प्रकारे व्यवस्था लागलेली नसल्यास, अंत्यविधीचा खर्च. अन्य प्रकारची व्यवस्था ड्रॅगनने करावयाची, हे अर्थातच अध्याहृत होते. हजर राहण्याची वेळ अकराची, आणि पत्र बिल्बोच्या नजरेस आणून दिले गेले तेव्हा अकराला दहा मिनिटे उरली होती. तो बिचारा टोपी, हातरुमाल आणि पैसे घरीच विसरून धावत सुटला.