कोशकाका

बारशाला बोलावलं तर अडचण, न बोलावलं तर रुसवा, असा एक गृहस्थ प्रत्येक भावकीत असतो. आमच्याकडे त्यांना कोशकाका म्हणतात. आत्याने बाळाच्या कानात 'कुर्रर्र' करून नाव सांगितलं, की हातातला पेढा तसाच धरून ते विचारतात, "अर्थ?"

आईबापांनी तो मोबाइलवरून पाठ केलेला असतो. "रियांश म्हणजे सूर्याचा पहिला किरण!"

"अंश समजला. पण 'रि' म्हणजे सूर्य कुठल्या कोशात?" आणि पिशवीतून वा. शि. आपट्यांचा संस्कृत कोश बाहेर येतो. मोनियर-विल्यम्सची 1899ची आवृत्ती वजनामुळे घरी राहते, हे बाळाचं नशीब. हल्ली जन्मणारं निम्मं गाव सूर्याचा पहिला किरण असतं, असं काकांचं निरीक्षण आहे; दुसरा किरण व्हायला कुणी तयार नाही.

इवानच्या बारशाला तर पाळणाच थांबला. "मूळ हिब्रू योहानान. इंग्रजीत जॉन, रशियात इवान. गोव्यात सांजावला विहिरीत उड्या मारतात ना, त्यातला जाव तो हाच." आजी म्हणाल्या, "अहो, पण अर्थ तरी चांगला आहे का?" होता. 'देव कृपाळू आहे.' काकांनी तो जरा नाखुशीनेच सांगितला.

नावं 'अ'वरून ठेवा, असा त्यांचा आग्रह असतो. डेक्कन कॉलेजच्या संस्कृत महाकोशाचं काम 1948 साली सुरू झालं. खंडांमागून खंड निघाले, तरी गाडी 'अ'मध्येच आहे. म्हणजे तपासायला सोय. मात्र हस्त नक्षत्राचा तिसरा चरण निघाला आणि गुरुजींनी 'ण' अक्षर काढून दिलं, की काका निमूटपणे पेढा खातात.

त्यांचं स्वतःचं नाव पांडुरंग. एका पुतण्याने एकदा डाव साधला, "पांडुरंग म्हणजे पांढऱ्या रंगाचा. मग विठोबा काळा कसा?"

काका डगमगले नाहीत. "पंढरपूरचं जुनं कानडी नाव पंडरगे. त्यावरून पुढे संस्कृत पांडुरंग झालं, असं एक मत आहे."

"म्हणजे नाव आधी, अर्थ मागून?"

काकांनी घुगऱ्या मागवल्या.

पण माणूस खोटं बोलत नाही, म्हणून सांगतो: त्यांना बारशाला नव्हे, बारशाच्या आठवडाभर आधी बोलवा. आणि उशीर झाला तरी घाबरू नका. जन्माच्या नोंदीत नाव घालायला बारा महिने काही पैसे पडत नाहीत, आणि विलंब शुल्क भरलं तर पंधरा वर्षांपर्यंत मुदत मिळते.