मोड आल्यावर पुढं काय?

धान्याला मोड आले की माणसाचं कूळ कळतं. मराठी माणूस उसळ टाकतो. इंग्रज ते मोड वाळवतो, दळतो, पिठात मिसळतो आणि वर मनुके घालून त्याचा पाव भाजतो. पंजाबी माणूस आधी तूप तापत ठेवतो, बाकीचं नंतर बघू म्हणतो. मी पुण्याचा, राहतो चंदीगडला आणि भाचा मँचेस्टरला, त्यामुळं या तिन्ही विचारसरणी आमच्या ओट्यावर एकत्र नांदतात. म्हणजे भांडतात.

भाचा येताना ‘सोरीन’ घेऊन येतो. हा तिकडचा माल्ट लोफ, म्हणजे मोड आणून वाळवलेल्या धान्याचा पाव. दिसायला काळपट, वर चकचकीत, बोटानं दाबला तर दबलेलाच राहणारा. सुरीला काळ्या गुळाच्या ढेपेसारखा चिकटतो. जाड काप करायचे, त्यावर त्याहून जाड लोणी थापायचं आणि कोऱ्या नाही, दुधाच्या चहाबरोबर खायचं. जॉन राबेक सोरेनसेन या डॅनिश वंशाच्या गृहस्थानं 1938 मध्ये मँचेस्टरच्या ह्यूम भागात तो सुरू केला. आता तिकडचे सायकलवाले खिशात घालून हिंडतात. चिकटपणामागं रसायन आहे. जव भिजवून मोड आणले की दाण्यात अशी विकरं तयार होतात, जी पिष्टाची साखर करतात. मोड वेळेवर वाळवले नाहीत तर कोंब सगळी साखर स्वतःच खातो. म्हणजे कोंबाला आशा दाखवायची आणि ऐन वेळी भट्टीत घालायचं. इंग्रजांना हे तंत्र नवं नव्हतं.

सोरीनची भावंडंही आहेत. उत्तर आयर्लंडमध्ये ‘वेडा’ नावाचा माल्टचा पाव मिळतो, त्यात मनुके नसतात. ओल लागून मोड आलेला गहू कुणीतरी फेकायचा सोडून दळला आणि तो जन्मला, असं सांगतात. काटकसरी बाईनं लावलेला शोध असणार, यात मला तरी शंका नाही. वेल्समधला ‘बारा ब्रिथ’ चहात भिजवलेल्या सुक्या मेव्याचा, आणि आयरिश ‘बार्मब्रॅक’मध्ये हॅलोविनला अंगठी दडवतात. ज्याच्या दाताखाली येईल त्याचं वर्षभरात लग्न. दोन्हींत माल्ट असेलच असं नाही, पण घराणं तेच.

आता गंमत बघा. चंदीगडच्या चहूबाजूंनी माल्टच माल्ट. कालका-सिमला गाडीला चक्क ‘सोलन ब्रुअरी’ नावाचं स्टेशन आहे. एडवर्ड डायरनं 1855 मध्ये कसौलीला बिअरचा कारखाना काढला, तो पुढं सोलनला गेला. (त्याचा मुलगा म्हणजे जालियनवाला बागेचा डायर; त्याचं नाव पंजाबात कुणी जेवताना काढत नाही.) खाली नाभ्याला 1960 च्या सुमारास हॉर्लिक्सचा कारखाना आला. मुलतानी सोहन हलव्यात मोडाच्या गव्हाचं पीठ पडतं. दोढा बर्फीतही मोडाचाच गहू. खुशाबच्या लाला हंसराज विग या पैलवानानं ती 1912 मध्ये केली आणि फाळणीनंतर ती कोटकपुऱ्याला आली, असं इथं सांगतात. एवढा माल्ट असून माल्टचा पाव मात्र नाही. म्हणून मीच करायचं ठरवलं.

गच्चीवर जव पसरले. बायकोनं डोकावून विचारलं, “कांदा किती चिरू?”

इथल्या सेक्टरांच्या बाजारात एक सोय आहे, जिचं श्रेय हे शहर आखणाऱ्या ल कॉर्बुझिएला देता येत नाही. घरून कणीक, तूप, साखर नेऊन द्यायची आणि भट्टीवाल्याकडून बिस्किटं भाजून घ्यायची. डबे लावून लोक बाकावर बसतात, पण डोळे आपापल्या ट्रेवर. दुसऱ्याचं डालडा आपल्या देशी तुपाच्या जागी येऊ नये, यासाठी सत्तरीतल्या बिजी जो पहारा देतात, तो वाघा सीमेवरही नसेल. मी त्या रांगेत माझी पिशवी ठेवली: माल्टचं पीठ, कणीक, गूळ, मनुके, यीस्ट आणि बरणीभर कोरा चहा.

भट्टीवाल्या बाऊजींनी पीठ हुंगलं. “ये की है जी?”

“माल्ट.”

“हॉर्लिक्सवाला या बिअरवाला?”

रांगेतले दोन गृहस्थ एकदम सावरून बसले. मी सगळं समजावलं. बाऊजींनी पिशवी पुन्हा तपासली, उलटी करून झटकली. “घ्यो कित्थे है?”

“यात तूप नसतं.”

त्यांचा आवाज एकदम मऊ झाला. “डॉक्टरने मना कित्ता?”

लोफ उत्तम भाजला गेला. काळपट, चिकट, दाबला की दबलेला. बाऊजींनी पैसे घ्यायला आढेवेढे घेतले, आजारी माणसाकडून कशाला म्हणून. बिजींनी एक तुकडा चाखला, मान डोलावली आणि “अच्छा है, पर कच्चा माल है,” असा निकाल दिला. पुढचं त्यांनी स्वतः येऊन, आमच्याच ओट्यावर केलं. लोफ कुस्करला, वाटीभर तुपात परतला, वरून दूध आटवलं, बदाम घातले आणि ताटात थापून वड्या पाडल्या.

भाचा यंदा दोन किलो वड्या घेऊन गेला. सामानाचं वजन जास्त झालं तेव्हा त्यानं बॅगेतून बूट काढून ठेवले.