आधी सेफ्टी पिन, मग ऑस्कर
हिंदी चित्रपटांत वेशभूषाकार होऊ इच्छिणाऱ्यांसाठी प्राथमिक धडे

अभिनंदन. तुम्ही हिंदी चित्रपटांत वेशभूषाकार व्हायचं ठरवलंय, म्हणजे घरी अजून सांगितलेलं नसणार. आजच सांगून टाका. घरच्यांचा समज होईल की तुम्ही टेलरिंगचा क्लास लावलाय. पहिली काही वर्षं तो समज फारसा चुकीचाही नसेल.

पात्रता

चित्रकला येत असेल तर उत्तम. कोल्हापूरच्या भानुमती राजोपाध्ये मुंबईला जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकल्या. 1953 साली प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपच्या प्रदर्शनात त्यांची चित्रं लागली. दरम्यान ‘ईव्हज वीकली’साठी फॅशनची रेखाटनं काढता काढता त्या प्रत्यक्ष कपड्यांकडे वळल्या आणि 1956च्या ‘सी. आय. डी.’पासून चित्रपटांत आल्या. आपण त्यांना भानू अथैया म्हणून ओळखतो. हुसेन-रझांच्या पंगतीतून उठून ब्लाउजच्या मापांकडे जाणं, हे तेव्हा कोणाकोणाला अधःपतनही वाटलं असेल. तुमच्या बाबतीत ती भीती नाही. तुम्ही कुठल्याच पंगतीत बसलेले नाही.

चित्रकला येत नसेल तरी निराश होऊ नका. ‘उमराव जान’ची (1981) वेशभूषा सुभाषिनी अलींनी केली आणि पुढे त्या कानपूरमधून लोकसभेवर निवडून गेल्या. डॉली अहलुवालियांना ‘बँडिट क्वीन’च्या वेशभूषेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि नंतर ‘विकी डोनर’मधल्या अभिनयासाठीही. थोडक्यात, या धंद्यात शिरायला आणि निसटायला वाटा बऱ्याच आहेत.

खरी पात्रता एकच: समोरचा जे सांगतोय ते पूर्ण ऐकून घेऊन, मान डोलावून, आपल्याला हवं तेच शिवून आणणं. पुढचे सगळे धडे याच विद्येचे आहेत.

उमेदवारी

सुरुवातीला तुम्ही सहाय्यकाचे सहाय्यक असाल. कामाचं स्वरूप: पिशव्या. मंगलदास मार्केट, भुलेश्वर, दादरचं हिंदमाता, पुन्हा मंगलदास, कारण सकाळी आणलेलं अस्तर मॅडमना, म्हणजे मुख्य वेशभूषाकारांना, ‘जरा पिवळट’ वाटलं. कापडाचा तुकडा मुठीत धरून दुकानाबाहेर उन्हात नेऊन बघायला शिका. ट्यूबलाइटखालच्या रंगावर विश्वास ठेवणारा या धंद्यात टिकत नाही. दुकानदाराशी गोड बोलून माल जांगड आणायला शिका, म्हणजे नापसंत पडला तर परत करता येतो. आणि बिलं जपा. मॅडमच्या स्केचवर कॉफी सांडली तर ओरडा बसेल. बिल हरवलं तर पैसे तुमच्या खिशातून जातील.

मास्टरजींशी वाद घालू नका. तुम्ही कागदावर काढलेल्या बाहीला खांदा कुठे आहे, हा त्यांचा प्रश्न योग्यच असतो. नवीन काही करायचं असेल तर आधी मांजरपाटावर कापून बघा. महागडं कापड चुकीचं कापलं गेलं, की मास्टरजी कात्री खाली ठेवून नुसते बघतात. त्या बघण्यापेक्षा ओरडा परवडला.

संहितेचं वाचन

दिग्दर्शक संहिता हातात देईल. ती गोष्ट म्हणून वाचायची हौस असेल तर घरी जाऊन पुरवा. तुम्ही ती किराणा मालाच्या यादीसारखी वाचायची आहे: कोणत्या प्रसंगात कोण, कथेतला दिवस कितवा, पाऊस आहे का, रक्त आहे का, कोणी चिखलात पडतं का. पाऊस असेल तर तोच कपडा अनेक प्रती करून, कारण दुसऱ्या टेकला नायिका कोरडी हवी असते. मारामारी असेल तर डुप्लिकेटच्या मापाचा आणखी एक, आत पट्टे बांधायला जागा ठेवून.

मग कंटिन्युइटी. नायक दारातून बाहेर पडतो तो फिल्मसिटीत जूनमध्ये, आणि रस्त्यावर पाऊल टाकतो ते सप्टेंबरात मनालीला. मधल्या काळात त्याची डावी बाही किती घड्या दुमडली होती, वरून कितवं बटन उघडं होतं, घड्याळ कोणत्या हातात होतं, हे जगात फक्त तुम्हाला माहीत असतं. पूर्वी यासाठी पोलरॉइड फोटो काढून वहीत चिकटवत. आता फोन आहे. चुकलात तर प्रेक्षक तो क्षण थांबवून, लाल गोल काढून, जगभर पाठवतील. बरोबर केलंत तर कोणालाही कळणार नाही.

पात्राची तस्करी

हा धडा नीट वाचा.

चित्रपटात कपडे पात्राचे असतात, असं पुस्तकात लिहिलेलं असतं. प्रत्यक्षात ते नटाचे असतात. नटाला आई असते, मॅनेजर असतो, खासगी स्टायलिस्ट असते, एखाद्या ब्रँडशी करार असतो आणि ‘मला पिवळा लाभत नाही’ अशी एक श्रद्धा असते. निर्मात्याला बायको असते. या सगळ्यांची संमती मिळून जो कपडा पडद्यावर येतो, त्यात पात्रासाठी जागा उरत नाही. तुमचं काम म्हणजे पात्राला त्या कपड्यांत लपवून, नाक्यावरून पार करणं.

समजा नायिका डोंबिवलीहून रोज लोकल पकडणारी बँकेतली कारकून आहे. तिच्या पगारात महिन्याला एखादा कुर्ता बसतो. पण लुक टेस्टला पंधरा कुर्ते मंजूर होतील, सगळे नवे, सगळे तिच्या डोळ्यांच्या रंगाला शोभणारे. विरोध करू नका. नटांच्या गोटातली नजर सहसा कमरेच्या वर असते. कमरेखाली तुमचं राज्य. तिला सगळ्या चित्रपटभर एकच चप्पल द्या, अंगठा शिवलेली. एकच पर्स, चेन बिघडलेली, म्हणून सेफ्टी पिन लावलेली. दोन-तीन ओढण्याच आलटून पालटून द्या. पंधरा कुर्ते राहतील बाजूला. बाईची परिस्थिती ती पर्स सांगेल.

दुसरा मार्ग, कपडा जुना करणं. नवा कुर्ता चहाच्या पाण्यात बुडवा, की दुकानातला पांढरा मरतो. कॉलरची घडी आणि बाहीची कड पॉलिश पेपरने हलकेच घासा, दोरे उसवेपर्यंत नाही, उसवतील असं वाटेपर्यंत. ओल्या खिशात खडे घालून रात्रभर टांगा. सकाळी त्या खिशात वर्षानुवर्षं पाकीट ठेवल्याचा झोळ आलेला असतो. मानेच्या आत बोटभर खोबरेल. काखेत थोडा जास्तच चहा. दोन दिवस खपून माणसाचं अर्धं आयुष्य त्या कुर्त्यात उतरवलंत की तो सेटवर पाठवा. तिथे कपडे सांभाळणारे ड्रेसदादा तो स्वच्छ धुऊन, खळ घालून, कडक इस्त्री करून ठेवतील. त्यांची चूक नाही, वीस वर्षं त्यांना हेच शिकवलंय. म्हणून हँगरवर मोठ्या अक्षरांत चिठ्ठी लावा: धुवू नये. आणि तरीही पहाटे पाचला स्वतः जा.

या तस्करीत अथैयाबाईंचा हात धरणारं कोणी नाही. ‘ब्रह्मचारी’मध्ये (1968) मुमताजला साडीत जोरात नाचायचं होतं आणि नेसलेली साडी नाचू देत नाही. त्यांनी साडी शिवूनच टाकली, घड्या पक्क्या करून, चेन लावून. प्रेक्षकांना साडी दिसली, मुमताजला पाय मोकळे मिळाले. ‘आम्रपाली’साठी (1966) त्यांनी अजिंठ्याची भित्तिचित्रं डोळ्यांखालून घातली आणि वैजयंतीमालेच्या अंगावर बौद्धकाळ चढवला. सेन्सॉरसकट सगळ्यांनी तो इतिहास म्हणून मान्य केला.

श्रेयाची अपेक्षा मात्र ठेवू नका. अथैयाबाईंनीच आखलेला, ‘वक्त’मध्ये (1965) साधनाने घातलेला अंगाबरोबरचा कुर्ता आणि चुडीदार बघून पोरी आपापल्या शिंप्याकडे धावल्या. मागणी ‘साधनासारखा’ अशी होती. शिवणाऱ्यांपैकी माधव अगस्तींसारख्यांचं नाव तरी झालं. नागपूरहून आलेल्या या मास्टरांनी मोगॅम्बोचा पोशाख शिवला आणि बड्या राजकीय नेत्यांचेही कपडे शिवले. मापांच्या वह्या वेगळ्या ठेवत असतील, अशी आशा आहे.

संकटसमयी

‘दीवार’च्या (1975) चित्रीकरणाला अमिताभचा निळा शर्ट शिवून आला तो थेट गुडघ्यापर्यंत. ही हकिगत त्यांनी स्वतःच सांगितली आहे. कॅमेरा तयार, दुसरा शर्ट नाही. मग त्या शर्टाची कमरेवर गाठ मारली. गोदीतला विजय त्या गाठीसकट देशभर गेला आणि पोरांनी चांगल्या मापाचे शर्ट गाठी मारून घातले. यावरून शिंप्याला चुकीचं माप द्यावं असा अर्थ काढू नका. शर्टात अमिताभ होता.

अंदाजपत्रक

‘मुगल-ए-आझम’साठी (1960) कपडे शिवायला दिल्लीचे शिंपी, भरतकामाला सुरत-खंभातचे कारागीर, दागिन्यांना हैदराबादचे सोनार आणि मुकुटांना आपले कोल्हापूरचे कारागीर लावले होते. तुमच्या चित्रपटातही बादशहा असेल. त्याचा मुकुट ड्रेसवाल्याकडून दिवसाच्या भाड्याने येईल. आतली पट्टी तपासून घ्या, आदल्या रात्री तो एखाद्या शाळेच्या स्नेहसंमेलनात रावणाने घातलेला असतो.

पुरस्कार

‘गांधी’साठी भानू अथैयांना जॉन मोलो यांच्यासह 1983 साली ऑस्कर मिळालं. भारतीय व्यक्तीचं ते पहिलंच ऑस्कर, आणि तेही हातमागाच्या साध्या सुती कपड्यांसाठी. त्या वेळी आपल्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत वेशभूषेचा गटच नव्हता. तो 1984च्या चित्रपटांपासून सुरू झाला. हॉलिवूडने शिक्का मारल्यावर आपल्याला आठवलं की पडद्यावरची माणसं कपडे घालून असतात. पुढे बाईंना ‘लेकिन’ आणि ‘लगान’साठी ते राष्ट्रीय पुरस्कारही मिळाले.

ऑस्करची बाहुली त्यांनी 2012 साली अकादमीकडे परत पाठवली. आपल्यामागे ती इथे नीट सांभाळली जाईल याची त्यांना खात्री वाटत नव्हती. तेव्हा दिवाणखान्यात ट्रॉफीसाठी फडताळ करून घेण्याची घाई नको. ती भिंत कपड्यांच्या ट्रंकांसाठी लागेलच.

पण मिळालाच एखादा पुरस्कार, तर भाषणात मास्टरजींचं आणि ड्रेसदादांचं नाव घ्या, आणि मंचावरून उतरल्याबरोबर पहिला फोन निर्मात्याला करा. तुमच्या मानधनाचा शेवटचा हप्ता बाकी असणारच. मागायला इतका चांगला मुहूर्त पुन्हा येत नाही.