कोंडीची बदली

पुण्यातल्या विद्यापीठ चौकाचं अधिकृत नाव आचार्य आनंदऋषीजी चौक. रिक्षावाल्याला हे नाव सांगून बघा, तो पत्ता विचारेल. ‘विद्यापीठ चौक’ म्हणा, लगेच कळतं आणि तितक्याच लगेच नकारही मिळतो.

“दादा, औंध?”

“विद्यापीठ चौकातून ना? नाही काका. तिकडं दिवस मावळतो.”

त्याचंही खरंच आहे. शिवाजीनगरकडून गणेशखिंड रस्ता येतो, वाटेत सेनापती बापट रस्ता आपली भर टाकतो आणि पुढे औंध, बाणेर, पाषाण अशा तीन वाटा फुटतात. हिंजवडीची नोकरी, बाणेरचा फ्लॅट, पाषाणची प्रयोगशाळा आणि नवरात्रातली चतु:शृंगीची जत्रा, सगळ्यांना जायचंय ते याच तोंडातून. मध्यभागी शिट्टी घेतलेला एक वाहतूक पोलीस एकटा खिंड लढवत असतो. फरक इतकाच, की बाजीप्रभूंना तोफांचे आवाज ऐकून सुटका तरी मिळाली. याला नुसते हॉर्न ऐकू येतात.

या रस्त्याचा इतिहास मोठा आहे आणि तो बराचसा खर्चाचा आहे. आज विद्यापीठाची मुख्य इमारत म्हणून जी दिमाखात उभी आहे, ती मुंबईच्या गव्हर्नरसाहेबांची कोठी. सर बार्टल फ्रिअर यांनी 1864 मध्ये तिचं काम काढलं आणि खर्च अंदाजपत्रकाला विचारेनासा झाला. थेट लंडनपर्यंत बोंब गेली. म्हणजे या परिसरात काम रेंगाळणं आणि खर्च फुगणं हे आपल्या महापालिकेनं सुरू केलेलं नाही. आपण फक्त वारसा जपतोय. हेरिटेज!

याच कोठीतला राणीच्या राज्यारोहणाचा हीरकमहोत्सव आटोपून परतताना 22 जून 1897 च्या रात्री प्लेग अधिकारी रँडवर गोळी झाडली गेली. दामोदर हरी चाफेकरांना तेव्हा बग्गीमागे धावावं लागलं होतं. आज धावायची गरज पडली नसती, बग्गी तासभर जागची हलली नसती. अर्थात नंतर निसटायलाही वाट मिळाली नसती. क्रांतिकार्याला सुद्धा वाहतूक नियोजन लागतं.

असो. मुद्दा पुलाचा.

या चौकात एक उड्डाणपूल होता. कोंडी फोडण्यासाठी बांधलेला. त्याला पंधराएक वर्षं झाली नसतील, तोच लक्षात आलं, की हिंजवडी–शिवाजीनगर मेट्रोला या पुलाची अडचण आहे. मग 2020 च्या उन्हाळ्यापाठोपाठ, टाळेबंदीत, तो पाडला. रस्ते मोकळे होते, लोक घरात बसून भांडी घासत होते, कोणी आडवं आलं नाही. ई-स्क्वेअरजवळचा पूलही त्याच्याबरोबर गेला. पाडताना सगळ्यांचं एकमत होतं, की पूल मुळातच चुकला होता. तो चुकवला कोणी, या प्रश्नावर मात्र सगळ्यांचीच स्मरणशक्ती एकदम कमी झाली.

त्यानंतर इथे दुमजली पुलाचं काम सुरू झालं. खाली मोटारी, वर मेट्रो. त्याची औंधकडून शिवाजीनगरला येणारी एक बाजू 2025 च्या ऑगस्टमध्ये खुली झाली. मधली पाच वर्षं चौकात पत्र्यांच्या भिंती, खड्डे आणि ‘प्रायोगिक तत्त्वावर’ केलेले बदल यांचं राज्य होतं. सकाळी उजवीकडे वळता यायचं, संध्याकाळी तिथेच बॅरिकेड आणि ‘नागरिकांनी सहकार्य करावे’ असा फलक. नागरिक तरी काय करणार? रोज तासभर इंजिन चालू ठेवून सहकार्यच करत होते.

तरीही पूल झाला, आनंद आहे. औंधहून निघालेला माणूस आता चौकावरून झर्रकन पुढे येतो आणि पूल उतरल्यावर पुढच्या सिग्नलला निवांत थांबतो. यालाच मी कोंडीची बदली म्हणतो. आपल्याकडे कोंडी सुटत नाही, सेवेतून निवृत्त तर मुळीच होत नाही. वरिष्ठ पातळीवर निर्णय होतो, फीत कापली जाते आणि कोंडी पुढच्या चौकात हजर होते. पदोन्नतीसह.

नळस्टॉपला पाहा. मेट्रोखाली दुमजली पूल 2022 मध्ये सुरू झाला आणि लगोलग त्याच्या दोन्ही टोकांना गाड्या तुंबल्या. पुलाखाली मोकळं, पुलावर मोकळं, फक्त चढताना आणि उतरताना तेवढं अडतं. चांदणी चौकातला जुना पूल तर 2 ऑक्टोबर 2022 च्या मध्यरात्री सहाशे किलो स्फोटकं लावून उडवला. लोक टीव्हीपुढे जागत बसले होते. धूळ खाली बसली, तर पुलाचा सांगाडा जागच्या जागी! शेवटी पोकलेननं तो उतरवला. पाडायला इतका हट्टी पूल बांधणाऱ्याचा खरं तर सत्कार व्हायला हवा होता, पण तो राहून गेला.

या सगळ्यात बसचं नाव कोणी काढत नाही. चाळीस-पन्नास माणसं एका गाडीत बसली, तर इतक्या गाड्या रस्त्यावर येणारच नाहीत, हे गणित चौथीतल्या पोरालाही सुटतं. पण बसला फीत बांधायला जागा कमी. 2006 मध्ये कात्रज–हडपसरला बीआरटी काढली, देशातल्या पहिल्यांपैकी. तिच्या मार्गिकेत पुढे दुचाक्या, रिक्षा आणि अधूनमधून लग्नाच्या वराती सुखाने नांदल्या. तेव्हापासून बसचा विषय काढणारा माणूस विकासविरोधी ठरतो.

परवा चौकात सिग्नलला उभा होतो. शेजारच्या स्कूटरवर स्कार्फ आणि गॉगलमागे दडलेल्या एक काकू होत्या, हेल्मेट कोपरात अडकवलेलं, पायाशी कोथिंबिरीची पिशवी. नव्या पुलाकडे मान वर करून त्या म्हणाल्या, “छान झालाय हो. पाडणार कधी?”

तेव्हा वाचकहो, ‘कोंडी फुटणार’ असा मथळा पुन्हा छापून आला, की पेढे वाटू नका. पुढच्या चौकात कोणी नातेवाईक राहत असतील, तर त्यांना आधी फोन करून सावध करा.