बिल आले की दोष दिसतो

माल उचलताना 'एक नंबर', बिल आल्यावर 'डिफेक्टिव्ह'.

जबलपूरच्या गन कॅरेज फॅक्टरीत धनुष तोफेसाठी आलेली 'जर्मन' बेअरिंगे चिनी असल्याच्या आरोपावरून सीबीआयने 2017 मध्ये गुन्हा नोंदवला. तिथे निदान आक्षेप मालावर होता. खासगी व्यापारात दोष दिसतो तो वकिलाच्या नोटिशीनंतर. तोवर निम्मा माल खपलेलाही असतो!

2006 च्या एमएसएमई कायद्यानुसार लघुउद्योजकाच्या मालाबद्दल लेखी तक्रारीला मुदत 15 दिवसांची; पैसे थकवले तर बँक दराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज. 2017 च्या मोबिलॉक्स निकालात सर्वोच्च न्यायालयाने बजावले, की दिवाळखोरीची कारवाई टाळायची तर वाद नोटिशीच्या आधीचा हवा. तेव्हापासून मागच्या तारखेच्या तक्रारपत्रांना बरे दिवस आले असावेत.